खारेपाट : बांधाने राखलेली जमीन

श्रींच्या मंदिराच्या जीर्णोद्धारानिमित्त निघणाऱ्या या स्मरणिकेत आपल्या भागातील शेतीच्या इतिहासाविषयी चार शब्द लिहावेत, अशी सूचना स्मरणिका समितीच्या मंडळींनी केली. प्रस्तुत लेखक इतिहासकार नव्हे. शिक्षण एस.एस.सी.पर्यंत आणि नोकरी तालुक्याच्या कचेरीत कारकुनाची. परंतु सातबारे, फेरफार, पीक पाहणीची पत्रके असे कागद रोज हाताखालून जातात आणि सुट्टीच्या दिवशी गावी आलो की तीच जमीन डोळ्यांसमोर असते. कागदावरचे शेत आणि बांधावरून दिसणारे शेत यांत पुष्कळदा फरक पडतो. तो फरक का पडला, हे समजून घेताना जी माहिती हाती आली ती गावापुढे ठेवावी, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

अलिबाग तालुक्याचा पूर्व भाग आणि पेण तालुक्याचा खाडीकडील भाग मिळून जो सखल टापू होतो त्यास आपण खारेपाट म्हणतो. अंबा नदी नागोठण्याकडून येऊन धरमतरच्या खाडीस मिळते. तिच्या दोन्ही अंगांस शहापूर, धेरंड, चरी, कोपर, पोयनाड, शहाबाज आणि पलीकडे पेणच्या बाजूस वाशी, वढाव अशी गावे वसलेली आहेत. येथील बरीचशी भातशेती मोठ्या भरतीच्या पाण्याच्या पातळीपेक्षा खाली आहे. म्हणजे बांध नसता तर ज्या ठिकाणी आज भात उभे राहते तेथे दिवसातून दोनदा खाडीचे पाणी खेळले असते. देशावर जमीन आधी आणि शेतकरी मागून. आपल्याकडे आधी बांध, मग जमीन आणि त्यानंतर शेतकरी. ही गोष्ट ध्यानी धरली म्हणजे खारेपाटाचा सारा इतिहास उलगडतो.

खार कशी बांधली गेली

१८८३ साली इंग्रज सरकारने कुलाबा जिल्ह्याचे गॅझेटियर प्रसिद्ध केले. त्यात आपल्याकडील भातजमिनीचे गोडी व खारी असे दोन प्रकार नोंदले आहेत. खारी जमीन ही खाडीपासून मिळवलेली. ही मिळवणूक इंग्रजांच्या फार पूर्वीपासून चालू होती. मराठी राज्यात पडीक किंवा नवी जमीन लागवडीस आणणाऱ्यास इस्ताव्याचा कौल मिळे. म्हणजे पहिली काही वर्षे सारा माफ किंवा अगदी थोडा, आणि पुढे दर वर्षी चढत जाऊन मग पूर्ण आकार. अलिबागच्या आंग्र्यांचे संस्थान १८४० साली खालसा झाले व इंग्रजी अंमल आला, तरी खार बांधणाऱ्यास सवलतीने जमीन देण्याची रीत राहिली. सवलतीचे कारण उघड आहे. नव्या खारीत पहिली काही वर्षे पीक येतच नाही. पावसाने मातीतले मीठ धुऊन जायला वेळ लागतो आणि तोवर बांध मात्र राखावाच लागतो.

बांधाचे काम कसे चाले ते तरुण मंडळींना ठाऊक नसेल म्हणून थोडे विस्ताराने लिहितो. खाडीच्या अंगाचा मोठा बांध तो बाहेरकाठा. त्याच्या आत लहान बांध घालून खाचरे पाडलेली. बाहेरकाठ्याला ठिकठिकाणी उघाड्या. पूर्वीच्या उघाडीला लाकडी झडप असे. भरती चढली की बाहेरच्या पाण्याच्या दाबाने झडप आपोआप मिटावी आणि ओहोटी लागली की आतल्या पावसाच्या पाण्याने ती ढकलून उघडावी, अशी युक्ती. आता सिमेंटच्या नळ्या व लोखंडी झडपा आल्या, पण तत्त्व तेच राहिले. खारे पाणी आत येऊ द्यायचे नाही आणि गोडे पाणी हवे तेवढेच बाहेर सोडायचे, हे खारेपाटाच्या शेतीचे सार आहे.

बांध मातीचा, म्हणजे खाडीच्या चिकण चिखलाचा. चिखलाचे गोळे कापून हातोहात पुढे द्यायचे, थरावर थर बसवायचा, मध्ये पेंढा घालायचा आणि लाटेच्या माऱ्याच्या जागी दगड लावायचे. हे काम वाटेल त्या दिवशी करता येत नाही. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास उधाण असते व पाणी फार वर चढते. अष्टमीच्या सुमारास भांग असते व भरतीचा जोर कमी असतो. म्हणून खांड पडली की भांगाचे दिवस गाठून ती बुजवायची आणि पुढचे उधाण येण्याच्या आत काम पुरे करायचे. हाती मोजकेच दिवस. त्यात कोणी म्हणेल, मला आज लग्नाला जायचे आहे, तर चालत नसे. घरटी माणूस निघत असे. शेतकऱ्यांनी मिळून बांध राखण्याच्या या रीतीस काही गावांत जोळ म्हणत. ज्याची जमीन जास्त त्याच्यावर कामाचा वाटा जास्त, असा साधा हिशेब होता. लेखी नियम कोणी केलेले नव्हते. परंतु एका खांडीने सर्वांचीच शेते बुडतात, हा नियम समुद्रानेच घालून दिलेला होता.

राता भात आणि रहू

खाऱ्या जमिनीची शेतीही निराळी. उन्हाळ्यात माती तापून भेगाळते आणि खालचे मीठ वर येऊन पांढरे दिसते. मृगाचे पाणी पडले की ते मीठ विरघळते. पहिले पाणी उघाडीवाटे सोडून द्यायचे, दुसरे साठवायचे, तेही सोडायचे आणि जमीन धुऊन झाली की मग बियाणे. काही खाऱ्या शेतांत नांगर घालीत नसत. बी भिजवून, मोड आणून चिखलात फेकीत. यालाच रहू म्हणतात. बियाणे राता भाताचे, म्हणजे तांबड्या तांदळाचे. उत्पन्न बेताचे, परंतु थोडेफार खारे पाणी सोसून ते उभे राही. या भाताला खताचा खर्च फारसा नसे. उंच वाढणारी जात असल्याने पेंढा भरपूर मिळे आणि तोच पेंढा गुरांना, घराच्या शाकारणीला व बांधालाही उपयोगी पडे.

पावसाचे गोडे पाणी खाचरात उभे असेपर्यंत खालचे मीठ दबून राहते. हस्ताचा पाऊस दगा देऊन गेला आणि खाचर कोरडे पडले की मीठ वर येते व दाणा भरण्याच्या वेळी पीक पिवळे पडते. म्हणून खारेपाटातील शेतकऱ्याला पाऊस जास्त झाला तरी धास्ती आणि कमी झाला तरी धास्ती. जास्त झाला आणि त्यातच उधाण आले तर उघाडी मिटलेली राहते व आतले पाणी बाहेर पडत नाही.

भाताखेरीज दुसरा आधार मासळीचा. उघाडीच्या तोंडाशी कोलंबी, चिखलात निवट्या व चिंबोऱ्या, आणि गावतळ्यात वाढवलेला जिताडा. खाडीतील जिताड्याची पिल्ले आणून गोड्या तळ्यात सोडायची आणि मोठी झाली की सणासुदीला, पाहुण्याला काढायची, ही आपल्याकडची जुनी चाल आहे. पाहुणा मोठा असला तर जिताडा, हे समीकरण आजही टिकून आहे. उन्हाळ्यात बरीच मंडळी मिठागरावर कामास जात. आगरी हे नावच आगरावरून आले आहे, असे सांगतात. अशा रीतीने शेत, खाडी आणि आगर या तिन्हींवर मिळून घर चाले. नुसत्या भातावर ते कधीच चाललेले नाही.

खोत आणि चरीचा संप

आता प्रश्न असा, की बांध कुळांनी राखला, जमीन कुळांनी धुतली, मग ती जमीन होती कोणाची? कागदोपत्री ती खोतांची आणि सावकारांची होती. कुळाने कबुलायत लिहून द्यायची, मक्ता भातात घालायचा, पीक बुडाले तरी बाकी अंगावर चढवून घ्यायची, आणि वर खोताच्या घरची वेठ करायची. बांध फुटला तर तो बांधायचा कुळाने. परंतु बांध राखला म्हणून जमिनीवर हक्क मात्र मिळायचा नाही. पुढच्या साली खोताने ती दुसऱ्यास दिली तरी कुळाला दाद मागण्याची सोय नव्हती.

या परिस्थितीविरुद्ध अलिबाग तालुक्यातील चरी या गावी २७ ऑक्टोबर १९३३ रोजी शेतकऱ्यांची सभा झाली आणि खोतांची जमीन कसायची नाही असा ठराव झाला. पुढारी होते नारायण नागू पाटील. चरी व आसपासच्या पंचवीस गावांतील कुळांनी हा संप पाळला आणि तो १९३९ पर्यंत चालला. सहा वर्षे ज्याचे पोट शेतावर त्याने शेतात पाऊल टाकायचे नाही, याचा अर्थ काय होतो याचा विचार वाचकांनीच करावा. लोकांनी डोंगरातून मोळ्या आणून विकल्या, खाडीत मासे धरले, पाला-भाजी खाऊन दिवस काढले. १६ डिसेंबर १९३४ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर चरी येथे आले व त्यांनी शेतकऱ्यांना पाठिंबा दिला. १७ सप्टेंबर १९३७ रोजी त्यांनी मुंबईच्या विधानसभेत खोती पद्धत नष्ट करण्याचे विधेयक मांडले, त्यामागे कोकणातील अशाच कुळांची दुःखे होती. त्याच वर्षी नारायण नागू पाटील यांनी ‘कृषीवल’ हे पत्र सुरू केले. त्या वेळचे महसूलमंत्री मोरारजी देसाई यांनीही चरीस येऊन परिस्थिती पाहिली. १९३९ साली कुळवहिवाटीचा कायदा झाला आणि संरक्षित कूळ हा शब्द प्रथमच कायद्यात आला. चरी येथे या संपाचे स्मारक उभे आहे.

या संपाची जी हकीकत घरोघर सांगितली जाते तीत उपासमारीचा भाग मोठा असतो आणि तो खराच आहे. परंतु माझ्या मते त्यातली दुसरी गोष्टही तितकीच ध्यानात घेण्यासारखी आहे. पंचवीस गावे सहा वर्षे एका शब्दावर राहिली, ती कशाच्या बळावर? ही माणसे पिढ्यान्‌पिढ्या भांगाच्या दिवसांत एकत्र येऊन खांड बुजवीत आलेली होती. एकाने हात सोडला की सर्वांचे बुडते, हे त्यांना कोणा पुढाऱ्याने शिकवावे लागले नाही. बाहेरकाठ्यावर जी एकी शिकली तीच संपात उपयोगी पडली, असे मला वाटते.

कुळाचा मालक झाला

स्वातंत्र्यानंतर कायद्यांनी वेग घेतला. १९४८ साली मुंबई कुळवहिवाट व शेतजमीन कायदा आला. १९४९ च्या कायद्याने खोती गेली. कृषक दिन, म्हणजे १ एप्रिल १९५७, या दिवसापासून कायदेशीर कुळे ती कसत असलेल्या जमिनीची मालक मानली गेली. कलम ३२ ग प्रमाणे किंमत ठरली, हप्ते भरले आणि ३२ म चा दाखला हाती आला. आजही कचेरीत जुन्या फेरफाराची नक्कल मागायला म्हातारी माणसे येतात तेव्हा ३२ म चा दाखला प्लॅस्टिकच्या पिशवीत घडी घालून जपून आणलेला असतो. त्या कागदामागे काय आहे, हे ज्याला चरीचा इतिहास माहीत आहे त्यालाच कळेल.

त्याच १९४८ साली मुंबई सरकारने खार जमिनीसाठी स्वतंत्र कायदा करून खारभूमीचे मंडळ नेमले. मातीचे जुने बांध सरकारी देखरेखीखाली पक्के व्हावेत आणि खाजणातून नवी जमीन निघावी असा हेतू होता. पुढे १९७९ साली महाराष्ट्र खार जमीन विकास अधिनियम आला. सरकारी योजनांखाली अनेक बाहेरकाठे उंच झाले, दगडी पिचिंग झाले, उघाड्या पक्क्या झाल्या. पनवेल येथे खार जमीन संशोधन केंद्र आहे. ते दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाकडे असून तेथून खाऱ्या जमिनीस मानवणाऱ्या पनवेल १, २, ३ अशा भाताच्या जाती निघाल्या. रात्यापेक्षा त्यांचे उत्पन्न अधिक. सुधारलेले बियाणे, खत, पुढे पॉवर टिलर हे सर्व आले, आणि शेतकऱ्याच्या घरात बाजारात विकण्याइतके भात येऊ लागले. कुडाची घरे जाऊन विटांची झाली. हे श्रेय त्या काळाला दिलेच पाहिजे.

परंतु याच काळात एक गोष्ट कोणाच्या लक्षात न येता घडली. खोत गेला हे उत्तमच झाले. पण खोताबरोबर बांधाची जुनी व्यवस्थाही गेली. पूर्वी कुळे जोळाने बांध राखीत. आता जमीन आपापल्या नावावर झाली आणि बांध सरकारचा झाला, असे सर्वांनी मनाशी धरले. ज्या खारी सरकारी योजनेत घेतल्या गेल्या त्यांची दुरुस्ती मंजुरीवर व निधीवर अवलंबून राहिली. ज्या योजनेत नाहीत, त्या खासगी म्हणून तशाच राहिल्या. खांड पडली की पूर्वी भांग पाहत. आता अर्ज करतात. अर्जाचा प्रवास असा, की ग्रामपंचायतीचा ठराव, पाहणी, अंदाजपत्रक, तांत्रिक मान्यता, प्रशासकीय मान्यता, निविदा. यातील एकही पायरी अनावश्यक आहे असे मी म्हणणार नाही. सरकारी पैसा हिशेबानेच खर्च व्हायला हवा. परंतु समुद्राला यातले काही कळत नाही. त्याचे वेळापत्रक पंचांगात छापलेले असते आणि तो ते चुकवीत नाही.

कागदावर भात, शेतात तिवरे

खांड वेळेवर बुजली नाही तर काय होते ते आता पाहू. पहिल्या वर्षी शेतात खारे पाणी शिरते व पीक जाते. हे नुकसान दिसते, त्याचा पंचनामा होतो. दुसऱ्या वर्षी माती इतकी खारावते की बी रुजत नाही. मग शेतकरी त्या शेताकडे फिरकत नाही. भरतीबरोबर तिवरांच्या बिया वाहत येतात आणि चिखलात रुजतात. चार-सहा वर्षांत तेथे कमरेपेक्षा उंच कांदळवन उभे राहते.

कांदळवन वाईट नव्हे. बांधाच्या बाहेरच्या अंगास तिवरे असावीत, ती लाटेचा मार आपल्या अंगावर घेतात व बांध टिकतो, हे आपल्या वाडवडिलांना ठाऊक होते. मासळीची पिल्लेही त्यांच्याच मुळांत वाढतात. पुढे शहरांच्या बाजूस कांदळवनांची बेसुमार तोड झाली. म्हणून मुंबई उच्च न्यायालयाने ६ ऑक्टोबर २००५ च्या आदेशाने व नंतर १७ सप्टेंबर २०१८ च्या निकालाने त्यांच्या तोडीस मनाई केली व भोवतीच्या पन्नास मीटर पट्ट्यासही संरक्षण दिले. हा निकाल योग्यच आहे. परंतु आपल्या शेतकऱ्याच्या दृष्टीने त्याचा अर्थ असा, की बांधाच्या आत एकदा तिवर वाढले की ते शेत पुन्हा शेत होणे फार कठीण. सातबाऱ्यावर नाव आपले, क्षेत्र भातशेतीचे, आणि जागेवर राखीव कांदळवन. २०२१ पासून पीक पाहणीची नोंद शेतकऱ्याने स्वतः मोबाईलवर शेतातला फोटो काढून करायची आहे. तिवरात उभे राहून भाताचा फोटो कसा काढावा? मग पड अशी नोंद होते. ज्या जमिनीसाठी आजोबांनी सहा वर्षे उपास काढले ती जमीन एका खांडीने चार-सहा वर्षांत जाते, आणि ती जाताना कोणताही फेरफार पडत नाही.

खांडी वाढण्याची कारणे अनेक आहेत. धरमतर खाडीत कारखान्यांच्या मालाची मोठमोठी बार्जेस ये-जा करतात व त्यांच्या लाटांनी बांध ढासळतात, अशी शेतकऱ्यांची जुनी तक्रार आहे. समुद्राची पातळी हळूहळू वाढते आहे, हे आता शास्त्रज्ञ सांगतात. आपल्यासारख्या सखल भागाला त्याचा फटका आधी बसणार, हे सांगायला शास्त्रज्ञ नको. कोलंबीची तळी हेही एक कारण. १९९० नंतर कोलंबी संवर्धनाचे वारे आले आणि काहींनी शेते तळ्यांसाठी भाड्याने दिली. तळ्यात खारे पाणी मुद्दाम घ्यायचे असते. ते शेजारच्या शेतात पाझरते. ११ डिसेंबर १९९६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने किनाऱ्यालगतच्या कोलंबी तळ्यांवर कडक निर्बंध घातले, त्यामागे देशभरातील हाच अनुभव होता.

आणखी एक कारण आपल्यातच आहे. तरुण पिढी शेतात नाही. मुंबईच्या गिरण्या आणि गोदी हा जुना मार्ग. त्यानंतर १९८० च्या दशकात थळचा खत कारखाना आला, पुढे डोलवीस पोलाद कारखाना आला. नोकरी लागली म्हणून कोणी दोष देऊ नये. प्रस्तुत लेखकही नोकरदारच आहे. पण जमिनीचे हिस्से होत होत पाच-पाच गुंठ्यांवर आले आणि त्यातले निम्मे हिस्सेदार पनवेलला नाहीतर मुंबईला. पाच गुंठ्यांसाठी रजा काढून चिखलात कोण उतरणार? प्रत्येकाचा हिशेब आपल्यापुरता बरोबर असतो. समुद्र मात्र हिस्सा नंबर पाहून आत शिरत नाही.

जमीन विकावी की राखावी

मधल्या काळात मोठ्या प्रकल्पांचे दिवस आले. शहापूर-धेरंड भागात औष्णिक वीज प्रकल्पासाठी जमिनीची मागणी झाली आणि शेतकऱ्यांनी विरोध केला. पेण तालुक्यात विशेष आर्थिक क्षेत्राचा प्रश्न आला, तेव्हा २१ सप्टेंबर २००८ रोजी हेटवणे धरणाच्या लाभक्षेत्रातील बावीस गावांत शेतकऱ्यांचे मत घेण्यात आले. जमीन घ्यावी की नाही यावर शेतकऱ्यांची अशी अधिकृत मोजणी होणे ही देशात वेगळीच गोष्ट होती. शेतकऱ्यांचा कल विरोधाकडे होता आणि पुढे ते भूसंपादन बारगळले. त्यांचे म्हणणे साधे होते, की धरण आमच्या उशाला बांधले, कालव्याचे पाणी द्या, आम्ही दुसरे पीक काढून दाखवतो.

मला या गोष्टीचा अभिमान वाटतो, पण मनात एक प्रश्नही येतो. प्रकल्पवाल्याला आपण जमीन दिली नाही; समुद्राला मात्र ती फुकट देत आहोत. पहिल्याच्या विरोधात मोर्चा निघतो, कारण समोर माणूस असतो. दुसऱ्याच्या विरोधात मोर्चा काढून उपयोग नाही. तेथे घमेले उचलावे लागते.

येथे कोणी म्हणेल, की बांध सरकारने बांधावा, तो त्याचा कायदाच आहे. हे म्हणणे बरोबर आहे आणि तो आग्रह सोडू नये. खासगी खारी सरकारी योजनेत घ्याव्यात, उघाड्यांच्या झडपा पावसाळ्यापूर्वी तपासाव्यात, ही मागणी ग्रामसभेने ठरावाने दर वर्षी करावी. परंतु मोठी खांड ही पहिल्या दिवशी मोठी नसते. आधी खेकड्याचे बीळ असते, मग पाण्याची बारीक धार, मग हातभर खड्डा. हातभर खड्ड्याला निविदा लागत नाही. दोन माणसे व चार घमेली पुरतात. पूर्वी बांधावरून रोज फेरी होई म्हणून हातभर खड्डा हातभरच असताना दिसे. आता फेरीच बंद झाली, म्हणून खड्डा दिसतो तेव्हा त्याची खांड झालेली असते. बांध पडण्याचे खरे कारण पैशाची कमतरता हे नव्हे. बांधावरून चालणारे पाऊल थांबले, हे आहे.

म्हणून माझी नम्र सूचना अशी. एक, पावसाळ्यात प्रत्येक उधाणाच्या आधी आणि नंतर बाहेरकाठ्यावरून फेरी घालण्याची पाळी आळीवार लावावी. दोन, मुंबई-पनवेलच्या मंडळींनी सणाला येतात तसे मे महिन्याच्या एखाद्या भांगाला दोन दिवस यावे. ज्यांना शरीराने शक्य नाही त्यांनी मजुरी द्यावी. तीन, झडपेची किरकोळ दुरुस्ती तात्काळ करता यावी यासाठी गावाजवळ थोडी शिल्लक असावी. चार, ज्या शेतात अजून तिवर उगवलेले नाही पण पाणी शिरू लागले आहे, तेथील खांडी आधी घ्याव्यात. कारण तेथे अजून वेळ हाती आहे. शेतात भात उभे राहील तेव्हा पीक पाहणीतही भातच येईल. मग कागद आणि जमीन यांचे आपोआप जुळेल.

हे अशक्य आहे असे कोणी म्हणू नये. त्याचा पुरावा या स्मरणिकेच्या पुढच्या पानांवर छापलेला आहे. वर्गणीची यादी पाहावी. गावात राहणारा, बाहेरगावी गेलेला, सासरी गेलेली लेक, सर्वांनी यथाशक्ती भर घातली. श्रमदानास माणसे आली, कोणी वाळू दिली, कोणी गाडी दिली, आणि हिशेब चोख राहिला. ज्या गावाला मंदिरासाठी एकत्र येता येते, त्याला बांधासाठी येता येणार नाही, हे पटत नाही. देवळाचा कळस चढला, आता बाहेरकाठ्याकडेही पाहू या. श्रींच्या नैवेद्याला आपल्याच खारीत पिकलेला तांदूळ असावा आणि तो पुढच्या पिढीच्या हातूनही वाढला जावा, हीच श्रीचरणी प्रार्थना.